मोंजुईक सर्किट

मोंजुईक सर्किट : स्पेनमधील बार्सिलोना शहरात मोंजुईक टेकडीवर, रोजच्या रहदारीच्या रस्त्यांवर आखलेला मोटारशर्यतींचा पूर्वीचा मार्ग. लांबी सु. ३.७९ किमी. १९२९ च्या प्रदर्शनासाठी टेकडीवर स्टेडियम, बागा आणि रुंद रस्ते झाले होते. तेच पुढे शर्यतींच्या कामी आले. १९३३ ते १९३६ दरम्यान येथे पेन्या रिन ग्रां प्री ही मोटारशर्यत होत असे. १९३६ ची शर्यत ताझिओ नुव्होलारीने अल्फा रोमिओतून जिंकली आणि दीड महिन्याच्या आत देशात यादवी पेटली. युद्धानंतर मोटारी शहरातल्याच पेद्राल्बेस भागात गेल्या. मोंजुईकवर फॉर्म्युला वन आली ती १९६९ मध्ये, माद्रिदजवळच्या हारामाशी वर्षाआड पाळी ठरवून.

फेरी घड्याळाच्या उलट दिशेने असे. स्टेडियमसमोरून सुटलेली गाडी भरवेगात एका उंचवट्यावर चढे आणि तिथे हलकी होई. लगेच डावीकडे अवघड वळण, मग गुलाबबागेकडून वाकणावाकणांचा उतार आणि शेवटी पुन्हा वेगवान चढ. चूक झालीच तर गाडी सावरायला जागा नाही, दोन्ही बाजूंना लोखंडी कठडे. १९६९ मध्ये या उंचवट्यापाशी लोटस संघाच्या दोन्ही गाड्यांचे, गाडी जमिनीला दाबून धरणारे उंच मागचे पंख मोडले. आधी ग्रॅहम हिल आदळला, काही फेऱ्यांनी योखेन रिंट त्याच्याच मोडक्या गाडीवर जाऊन धडकला. दोघे वाचले, पुढच्याच मोनाको शर्यतीत असल्या पंखांवर बंदी आली. १९६९ व १९७१ ची शर्यत जॅकी स्ट्यूअर्टने, १९७३ ची एमर्सन फिटीपाल्डीने जिंकली.

एप्रिल १९७५ मध्ये चालकांनी पायी पाहणी केली, तर कठड्यांचे बोल्ट ठिकठिकाणी सैल. त्यांनी सरावाला नकार दिला. जॅकी इक्स तेवढा गाडी घेऊन उतरला. संघांचे मेकॅनिक स्वतः पाने घेऊन बोल्ट आवळत फिरले. गाड्या स्टेडियमच्या आत ठेवलेल्या, त्या जप्त करण्याची धमकी आयोजकांनी दिली आणि विरोध मोडला. विश्वविजेता फिटीपाल्डी मात्र तीन संथ फेऱ्या मारून घरी गेला. धमकीच्या जोरावर भरवलेली ही शर्यत व्हायलाच नको होती.

२६ व्या फेरीत आघाडीवरच्या रोल्फ श्टोमेलेनच्या गाडीचा मागचा पंख तुटला. गाडी कठड्यांवर आपटून पलीकडे उडाली. तिथे उभे असलेले काही जण ठार झाले, श्टोमेलेन जबर जखमी झाला. गाडी होती ग्रॅहम हिलच्या संघाची. २९ फेऱ्यांनंतर शर्यत थांबवून योखेन मासला विजयी ठरवले आणि गुण निम्मे दिले. सहाव्या आलेल्या इटलीच्या लेला लोम्बार्दीला अर्धा गुण मिळाला. फॉर्म्युला वन विश्वस्पर्धेत गुण मिळवणारी ती आजवरची एकमेव स्त्री.

फॉर्म्युला वन येथे परतली नाही. १९५५ मध्ये सुरू झालेली चोवीस तासांची मोटारसायकल शर्यत तेवढी १९८६ पर्यंत टिकली. स्टेडियमचे १९९२ च्या ऑलिंपिकसाठी नूतनीकरण झाले, तर स्पॅनिश ग्रां प्री १९९१ मध्ये शहराबाहेर मोंमेलोच्या नव्या सर्किटवर गेली.