काल्पनिक अभिलेखागार

काल्पनिक अभिलेखागार : प्रत्यक्षात नसलेल्या किंवा मुद्दाम रचलेल्या कागदपत्रांचा संग्रह. पत्रे, पावत्या, रोजनिशा, नकाशे, जबान्या असा ऐवज त्यात असतो आणि त्याची मांडणी खऱ्या दप्तरखान्याच्या नियमांनी केलेली असते. कादंबरीची चौकट, कलाप्रदर्शन, खेळ, इतिहासलेखनाच्या वर्गातला सराव किंवा निव्वळ थट्टा म्हणून असे संग्रह रचले जातात. फसवणुकीसाठी केलेली बनावट कागदपत्रे ही वेगळी गोष्ट. पण तंत्र बरेचसे तेच असल्यामुळे दोन्हींचा विचार एकत्र करावा लागतो.

कल्पित आणि वास्तव यांची सरमिसळ कागदापेक्षा सूचीत अधिक होते. मूळ कागद हाताळणारे थोडे. सूचीतली ओळ मात्र सगळे वाचतात, उतरवून घेतात आणि तळटिपेत देतात. ‘पेटी ७, पुडके ३, पत्रे ११, पैकी ९ वे गहाळ, शेवटच्या पानावर दुसऱ्या हातची टीप’ एवढे वाचले की नवव्या पत्राविषयी तर्क सुरू होतात. जे कधी लिहिलेच गेले नाही ते ‘हरवलेले’ ठरते.

याचा सर्वांत धडधडीत नमुना बेल्जियममधला. १८४० मध्ये बांश या गावी फोर्तसा नावाच्या दिवंगत सरदाराच्या ग्रंथसंग्रहाचा लिलाव १० ऑगस्टला होणार, अशी छापील सूची युरोपातल्या ग्रंथसंग्राहकांकडे पोचली. सूचीत ५२ ग्रंथ होते. दुसरी प्रत कुठेही नाही असेच ग्रंथ हा सरदार बाळगी आणि तशी प्रत निघाली की आपली नष्ट करी, असा खुलासा होता. म्हणूनच सूचीतले क्रमांक मध्येमध्ये तुटलेले होते. क्रमांकांतल्या फटी हाच या रचनेचा कळस म्हणावा लागेल, कारण त्यांनी नसलेल्या ग्रंथांनाही इतिहास दिला. सरदार, ग्रंथ, लिलाव सगळेच रनिए शालाँ या बेल्जियन पुराणवस्तू-अभ्यासकाने रचलेले होते. ती सूची मात्र खरीच छापलेली, आणि पुढे तीच संग्राह्य वस्तू ठरली.

उलट दिशेचा प्रवासही होतो. शेरलॉक होम्सच्या कथा लिहिल्या गेल्या तेव्हा लंडनच्या बेकर स्ट्रीटवर २२१ बी हा क्रमांकच नव्हता. रस्त्याचे क्रमांक बदलल्यावर ती जागा १९३२ पासून एका वित्तसंस्थेच्या इमारतीत आली. होम्सच्या नावाने इतकी पत्रे येऊ लागली की उत्तरे द्यायला संस्थेने सचिव नेमला. माणूस कल्पित, त्याचा पत्रव्यवहार अस्सल. स्पॅनिश कादंबरीकार सर्व्हान्तेसने तर हा खेळ कथेतच आणला : ‘दोन किहोते’च्या (‘डॉन क्विक्झोट’) १६१५ मधील दुसऱ्या भागातली पात्रे १६०५ च्या पहिल्या भागाविषयी आणि १६१४ मध्ये भलत्यानेच छापलेल्या बनावट उत्तरार्धाविषयी बोलतात.

रचना करताना आधी कार्यालय ठरवावे, गोष्ट नंतर. कागद कोणी, कोणत्या कामासाठी, किती वर्षे केले आणि ते दप्तरात कसे पोचले, हे एका पानात लिहून काढावे. मग दाखल नोंदवही (कोणता कागद केव्हा आला याची), तिच्यावरून संच, पेट्या आणि शेवटी वर्णनसूची. गोष्टीला लागणारा कागद एक असेल तर त्याच्याभोवती दहा-बारा रटाळ कागद हवेत : पोच, स्मरणपत्र, सामानाची यादी. नवशिके इथेच फसतात. त्यांच्या संग्रहात प्रत्येक पत्र महत्त्वाचे असते आणि प्रत्येक पत्रलेखक समोरच्याला आधीच माहीत असलेल्या गोष्टी पुन्हा समजावून सांगतो. खऱ्या पत्रात ‘त्या कामाचे काय झाले’ एवढेच असते.

दुसरी चूक तारखेची. वार आणि तारीख जुळवून पाहणे हे किमान; पण दिनदर्शिकाही तपासावी. दिनदर्शिका बदलल्यामुळे ब्रिटनमध्ये सप्टेंबर १७५२ मध्ये २ तारखेनंतर थेट १४ आली, तेव्हा तिथल्या दिनदर्शिकेप्रमाणे ५ सप्टेंबर १७५२ चे लंडनचे पत्र असूच शकत नाही. साहित्याचेही तसेच. लाकडाच्या लगद्याचा कागद एकोणिसाव्या शतकाच्या मध्यानंतर रुळला. शुभ्रता वाढवणारी रसायने कागदात साधारण १९५० पासून येऊ लागली आणि अतिनील प्रकाशात असा कागद निळसर उजळतो. चहात बुडवून ‘जुना’ केलेला कागद सगळीकडे सारखाच तपकिरी होतो. खरा कागद कडांना आणि घड्यांवर आधी जातो.

थट्टेचा किंवा बनावट कागद खऱ्या दप्तरात शिरला की प्रकरण गंभीर होते. ब्रिटनच्या राष्ट्रीय अभिलेखागारात दुसऱ्या महायुद्धाविषयीच्या १२ फायलींत २९ बनावट कागद घुसवलेले आढळले. काहींचे नाममुद्रित शीर्षक चक्क लेझर प्रिंटरवर छापलेले होते, तरी त्यांच्या आधारे पुस्तके लिहून झाली होती. वाचनकक्षातला पहारा सहसा कागद बाहेर जाऊ नये यासाठी असतो; आत काय येते याकडे लक्ष कमीच. म्हणून काही ठिकाणी कागद दाखल होतानाच प्रत्येक पानावर पेन्सिलीने क्रमांक घालतात आणि फायल देताना व परत घेताना पाने मोजतात.

बनावट सापडलेला कागद फाडून टाकू नये. त्याचे संदर्भ आधीच छापले गेलेले असतात आणि वाचक ते शोधत येतो. तो वेगळ्या पाकिटात, मूळ क्रमांक कायम ठेवून आणि शेरा मारून ठेवावा. मुद्दाम रचलेल्या संग्रहात ‘रचित’ हा शब्द फक्त प्रस्तावनेत असून भागत नाही. प्रस्तावना सगळ्यांत आधी गळते. तो प्रत्येक पानाच्या मागे, स्कॅन केलेल्या प्रतिमेच्या कडेला आणि फाइलच्या नावातही हवा, कारण प्रतिमा सूचीपासून सुटून एकटीच फिरू लागते.