पॅनलचे दोन भाव काऊन? डीसीआर, ड्युटी आणि जिनिव्हाचा खटला

आमच्या कोटेशनवर पॅनलच्या दोन ओळी असतात, एक डीसीआर (डोमेस्टिक कंटेंट रिक्वायरमेंट, म्हणजे देशी मालाची अट पाळलेलं) आणि एक नॉन-डीसीआर. वॅट तेवढेच, वॉरंटी जवळपास तेवढीच, दिसायला तर सख्खे भाऊ, तरी भावात चांगलाच फरक. मग माणूस विचारतोच, "भाऊ, मी स्वस्तवालं घेतलं तं काय बिघडते?" आता ह्याचं उत्तर काउंटरवर उभ्या उभ्या देता येत नाही, काऊन की ते आपल्या तालुक्यातून निघून दिल्लीला आणि दिल्लीतून पार जिनिव्हापर्यंत जाते. म्हणून हे पत्रक छापलं. घरी न्या, आरामात वाचा, सही नंतर करा.

आधी पॅनल उलटं करून पाहा

मागच्या बाजूला एक स्टिकर असतो, त्यावर मॉडेल, वॅट, व्होल्टेज, करंट असं सगळं. सिरीयल नंबर समोरून काचेच्या आतही दिसतो, बारकोडसकट, आणि आतच एक आरएफआयडी टॅग बसवलेला असतो. स्टिकरवर "मेड इन इंडिया" दिसलं की लोकं म्हणतात झालं, देशी आहे. तसं नाही राजेहो. पॅनल बनते कसं, तर उन्हापासून वीज करणारे काळे-निळे सेल असतात, ते पातळ पट्ट्यांनी एकमेकांना सोल्डर करतात, वर काच, मधात ईव्हीएची फिल्म, मागे बॅकशीट नाही तर दुसरी काच, मग सगळं गरम करून दाबतात, अॅल्युमिनियमची फ्रेम चढवतात, मागे जंक्शन बॉक्स चिकटवतात. एवढं काम भारतात झालं की पॅनल मेड इन इंडिया. पण आतला सेल बाहेरचा असू शकतो, आणि बऱ्याच पॅनलमध्ये तो चीनचाच असतो. डीसीआर म्हणजे सेलही इथं बनला आणि पॅनलही इथंच. सेलच्याही आधी जो वेफर (सिलिकॉनची पातळ चकती) लागतो तो बहुतेक बाहेरूनच येतो, पण नियम सेलपासून मोजते.

आता तुम्हाला कोणतं लागते? पीएम सूर्यघरची सबसिडी पाहिजे (1 किलोवॅटला 30 हजार, 2 ला 60 हजार, 3 किंवा त्याच्या वर कितीही घेतलं तरी 78 हजार) तर डीसीआरच, दुसरा विषयच नाही. वावरातला सौरपंप केंद्राच्या कुसुम योजनेतून किंवा मागेल त्याला सौर कृषी पंप योजनेतून पाहिजे, जिथं शेतकऱ्याला फक्त 10 टक्के आणि अनुसूचित जाती-जमातीच्या शेतकऱ्याला 5 टक्के भरावे लागतात, तिथंही डीसीआरच. पंपाचा एचपी जमिनीवर ठरते, अडीच एकरापर्यंत 3, पाच एकरापर्यंत 5, त्याच्या वर साडेसात, ह्यात आमच्या हातात काही नाही, उगाच भांडू नका. सबसिडी नको पण नेट मीटर (ग्रिडला दिलेली वीज बिलातून वजा करणारं) पाहिजे, तर नॉन-डीसीआर चालत आलं, मात्र पॅनल सरकारच्या एएलएमएम यादीतलंच (मंजूर मॉडेल आणि कंपन्यांची यादी) लागते, आणि 1 जून 2026 पासून सेलसाठीही तशीच यादी सरकारने ठरवलेली आहे, म्हणजे तिथंही गोष्ट हळूहळू देशी सेलवरच येऊन थांबते. स्वतःच्या पैशाने, बॅटरीवर, ग्रिडला न जोडता वावरातल्या खोपडीवर दोन पॅनल टाकायचे असले तर मात्र कोणतंही घ्या, कोणी विचारत नाही.

हिशोब असा करा. समजा डीसीआर आणि नॉन-डीसीआरमध्ये वॅटमागे 10 रुपयांचा फरक आहे. 3 किलोवॅट म्हणजे 3000 वॅट, फरक झाला 30 हजार. सबसिडी 78 हजार. म्हणजे 30 वाचवायला जाऊन 78 घालवायचे. उलट कोणी नॉन-डीसीआर बसवून "सबसिडी मी पाहून घेतो" म्हणत असेल तर त्याच्यापासून दूर राहा, सिरीयल नंबर सरकारच्या डीसीआर पोर्टलवर तपासता येतो आणि तिथं नंबर नाही निघाला तर पैसा अडकतो तुमचा.

मग हा फरक आला कुठून

इथं जिनिव्हा येते. 1995 पासून तिथं जागतिक व्यापार संघटना आहे, डब्ल्यूटीओ, आपण पहिल्या दिवसापासून मेंबर. तिचे नियम पुस्तकभर आहेत पण आपल्या कामाचे दोनच. आठवडी बाजाराचं समजा. बाहेरगावचा दुकानदार आला तर ग्रामपंचायतीने त्याच्याकडून बाजाराची पावती फाडावी, काही हरकत नाही, फक्त जेवढी लिहून ठेवली त्याच्या वर घेऊ नये. पण एकदा पावती फाडून तो आत बसला की मग गावात दवंडी द्यायची नाही की त्याच्याकडून कोणी घेऊ नका, गावच्याच दुकानातून घ्या. सीमेवरची पावती म्हणजे कस्टम ड्युटी. दवंडी म्हणजे डीसीआर.

2010 मध्ये जवाहरलाल नेहरू राष्ट्रीय सोलर मिशन सुरू झालं. सरकार 25 वर्षं वीज घ्यायची गॅरंटी देत होतं, पण अट होती की ठराविक प्रकल्पांत सेल-पॅनल भारतातले लावा. 2013 मध्ये अमेरिका डब्ल्यूटीओत गेली. भारत म्हणाला, ही सरकारी खरेदी आहे, आणि सरकार आपल्या खरेदीत देशी माल मागू शकते, नियमातच तशी सूट आहे. आणि मग आला तो मुद्दा जो आम्हाला अजूनही मजेदार वाटते. अपिलात असं ठरलं की सरकारने विकत काय घेतलं? वीज. भेदभाव कोणत्या वस्तूत केला? सेलमध्ये. दोन वस्तू वेगळ्या, म्हणून खरेदीची सूट लागू नाही. भारताने आणखी सांगून पाहिलं की आमच्याकडे देशी सेलचा तुटवडा आहे, तर उत्तर आलं की तुटवडा मोजताना बाहेरून मिळणारा मालही धरायचा असते आणि तो तर पाहिजे तेवढा मिळते. हवामानाच्या आंतरराष्ट्रीय करारांचं नाव घेतलं, तेही चाललं नाही, काऊन की ती सूट देशाच्या आतल्या कायद्यासाठी असते आणि बाहेर सही केली म्हणजे तो आपोआप आतला कायदा होत नाही असं पडलं. फेब्रुवारी 2016 मध्ये हरलो, सप्टेंबर 2016 मध्ये अपिलातही हरलो.

त्याच सप्टेंबरात भारताने उलटी केस टाकली. अमेरिकेच्या वॉशिंग्टन, कॅलिफोर्निया, मिशिगन अशा 8 राज्यांमध्ये सोलर-पवनवाल्यांना स्थानिक माल वापरला तर जास्त पैसे मिळत होते, म्हणजे आम्हाला शिकवायचं आणि घरी तेच करायचं. 2019 मध्ये ती केस आपण जिंकलो. अमेरिकेने अपील केलं, आणि त्याच वर्षी डिसेंबरपासून डब्ल्यूटीओचं अपिलाचं बेंचच बंद पडलं, कारण अमेरिका नवीन न्यायाधीश नेमू देत नव्हती. शेवटी 2023 मध्ये दोन्ही देशांनी आपसातले सहा खटले तडजोडीने मिटवले, त्यात हे दोन्हीही होते. दहा वर्षांत निघालं काय तर तडजोड. तहसीलमधल्या धुऱ्याच्या केससारखं.

"मग हरलो तरी डीसीआर चालू कसं?" हा प्रश्न एका मास्तरने विचारला होता, आणि बरोबर विचारला. हरली ती अट ग्रिडला वीज विकणाऱ्या मोठ्या प्रकल्पांची होती. त्यानंतर सरकारने डीसीआरचा जोर तिथून काढून सरकारी संस्थांच्या स्वतःच्या वापराचे प्रकल्प आणि सबसिडीच्या योजना, म्हणजे कुसुम, रूफटॉप, इकडे आणला. आता सबसिडीला देशी मालाची अट लावायची नाही असंही डब्ल्यूटीओच्या सबसिडीच्या करारात लिहिलेलं आहे, त्यामुळे हे पूर्ण नियमात बसते असं आम्ही छातीठोक सांगणार नाही. डिसेंबर 2025 मध्ये चीनने भारताच्या सोलर सबसिडीवर तक्रार टाकलीच आहे. पण सगळेच तेच करत आहेत, अमेरिकेच्या 2022 च्या कायद्यात देशी मालाला बोनस आहे आणि त्यावरही चीन 2024 मध्ये गेलेला आहे, आणि वर अपील ऐकायला कोणी नाही.

हे सगळं सांगायचं कारण एक आहे. मधात काही एजंट गावोगावी सांगत फिरत होते की डब्ल्यूटीओमुळे सबसिडी बंद होणार, आजच ॲडव्हान्स द्या. ऐकू नका. ते खटले सरकार-सरकारमधले असतात, वर्षानुवर्षं चालतात, निकाल लागला तरी देशाला नियम बदलायला वेळ मिळते (2016 च्या केसमध्ये 14 महिने मिळाले होते) आणि तुमच्या बँक खात्यात आलेली सबसिडी परत मागायला जिनिव्हाहून कोणी येत नाही. योजना बंद झाली तर ती दिल्ली किंवा मुंबईच्या जीआरने होईल, तो आम्ही दुकानात लावू.

ड्युटीचं वेगळं

दवंडी अडली की सरकारने पावती वाढवली. जुलै 2018 पासून सेल-पॅनलवर सेफगार्ड ड्युटी (बाहेरचा माल एकदम वाढला की लावतात ती), पहिल्या वर्षी 25 टक्के, मग कमी कमी. 1 एप्रिल 2022 पासून पॅनलवर 40 आणि सेलवर 25 टक्के कस्टम ड्युटी. पाहा, पॅनलवर जास्त आणि सेलवर कमी, म्हणूनच सगळ्यांनी सेल बाहेरून आणून पॅनल इथं जोडायचे कारखाने टाकले. 2025 च्या बजेटात कस्टम ड्युटी दोन्हीवर 20 केली आणि वरून सेस लावला, म्हणजे पॅनलवर भार तोच राहिला. डिसेंबर 2024 मध्ये चीन आणि व्हिएतनामच्या सोलर काचेवर अँटी-डंपिंग ड्युटी (फार स्वस्तात आणून टाकलेल्या मालावरची) आली, म्हणजे देशी पॅनलवाल्याचाही कच्चा माल महागला.

एक मनातलं. आपल्या भागातला माणूस ड्युटी हा शब्द कापसामुळे ओळखते. बाहेरच्या कापसावरची 11 टक्के ड्युटी ऑगस्ट 2025 मध्ये काढली, ऐन पऱ्हाटी बोंडावर येत असताना, आणि ती सूट डिसेंबरपर्यंत वाढवली. गिरणीवाल्याला स्वस्त कापूस पाहिजे म्हणून दार उघडलं, पॅनल कारखान्याला संरक्षण पाहिजे म्हणून दार लावलं. शेतकरी दोन्हीकडे महागातच. ड्युटी असावी की नसावी ह्याच्यावर आम्हाला बोलायचं नाही, पण ती कोणासाठी लागते आणि कोणासाठी निघते हे वावरात बसून नीट दिसते.

जिनिंगवाले, फॅब्रिकेशनवाले यांच्यासाठी

युरोपच्या कार्बन टॅक्सचं, सीबीएएमचं (बाहेरून येणारा माल बनवताना निघालेल्या कार्बनवरचा कर), सध्या फार ऐकू येते. छतावर सोलर टाका, युरोपात माल जाईल, असं सांगून मोठ्या सिस्टिम विकणारे आहेत. थांबा जरा. तो 1 जानेवारी 2026 पासून पैशाने लागू झाला, त्याआधी ऑक्टोबर 2023 पासून फक्त माहिती भरावी लागे. त्याच्या यादीत सिमेंट, लोखंड-पोलाद, अॅल्युमिनियम, खत, हायड्रोजन आणि वीज आहे. कापूस नाही, सूत नाही, कापड नाही, संत्रा नाही. म्हणजे जिनिंगच्या छतावरच्या पॅनलचा त्या टॅक्सशी काही संबंध नाही. चंद्रपूरकडे सिमेंट आहे, घुग्घुसला लोखंड आहे, त्यांना आहे. पण लोखंडातही गंमत पाहा, पोलाद आणि अॅल्युमिनियमला सध्या फक्त भट्टीतून थेट निघणारा कार्बन मोजतात, विकत घेतलेल्या विजेचा नाही. त्यामुळे कास्टिंग युनिटच्या शेडवर 100 किलोवॅट टाकलं तरी सीबीएएमच्या आकड्यात फरक पडत नाही, सिमेंट आणि खताला मात्र विजेचाही मोजतात. बिल कमी होईल, ते खरं, आणि त्याच हिशोबाने लोन घ्या. खरेदीदार स्वतःहून हिरव्या विजेचा कागद मागत असेल तर ती गोष्ट वेगळी, त्याचं पत्र घेऊन या, बसून पाहू.

सोयाबीनवाल्यांनी एवढं लक्षात ठेवा की युरोपचा जंगलतोडीचा नियम वेगळा आहे आणि त्यात सोयाबीन आहे. त्याची तारीख दोनदा पुढे गेली. डीओसी (तेल काढलेली सोयाबीनची पेंड) बाहेर पाठवणारा प्लांट उद्या वावराचं लोकेशन मागू शकते, तेव्हा सातबारा घेऊन घाबरून आमच्याकडे येऊ नका, तो आमचा धंदा नाही.

भारताचं म्हणणं आहे की कार्बन आजवर जास्त कोणी सोडला ते पाहून ओझं वाटा, युरोप म्हणते आमच्या कारखान्याला लागते तेच तुमच्याला. व्यापाराचे नियम पर्यावरणासाठी सूट देतात, पण त्या नावाखाली मनमानी भेदभाव चालत नाही. सीबीएएम त्यात बसतो की नाही ह्याचा निकाल डब्ल्यूटीओत लागलेला नाही.

कोटेशनबद्दल

22 सप्टेंबर 2025 पासून सोलर सामानावर जीएसटी 12 चा 5 झाला. पण पूर्ण सिस्टिम बसवून घेता तेव्हा 70 टक्के रक्कम सामान आणि 30 टक्के काम धरतात, कामावर 18, म्हणून बिलात एकूण 8.9 टक्के दिसेल. 5 काऊन नाही म्हणून वाद घालू नका, आणि कोणी अजून जुन्या दराने 13.8 लावत असेल तर त्याला सोडू नका.

आमचं कोटेशन 15 दिवस चालते, नंतर पुन्हा काढू, कारण ड्युटी आणि डीसीआर सेलचा पुरवठा ह्यावर आम्हालाच वरून भाव बदलून येतो. पॅनल उतरवताना स्वतः उभे राहा, प्रत्येकाचा सिरीयल नंबर बिलावरच्या यादीशी जुळवा, डीसीआरचं सर्टिफिकेट त्याच दिवशी हातात घ्या. रूफटॉपसाठी येताना चालू लाईट बिल, आधार आणि बँक पासबुक आणा, बिलावरचं नाव आजोबांचं असेल तर आधी महावितरणात नाव बदलून घ्या, त्याशिवाय अर्ज पुढे सरकत नाही. सोमवारी दुकान बंद असते.