अन्वस्ताभ

अन्वस्ताभ : अन्वस्त (पॅराबोला) या वक्राशी नाते सांगणारे त्रिमितीय पृष्ठ. वर्गाबाहेर त्याला सगळे पॅराबोलॉइडच म्हणतात. अक्षाला समांतर प्रतलाने हे पृष्ठ कापले की छेदात अन्वस्त दिसतो, क्वचित सरळ रेषा. प्रकार दोन आहेत. एक वाटीसारखा, दुसरा घोड्याच्या खोगिरासारखा. दोघांच्या समीकरणांत फरक एका चिन्हाचा, पण स्वभाव इतके निराळे की त्यांना एका नावाखाली का ठेवले असा प्रश्न पडावा. सोलापुरात दोघांचीही ओळख करून घ्यायला लांब जावे लागत नाही : पहिल्याला कडक ऊन लागते, दुसऱ्याला ताणलेला धागा.

समीकरण : वाटीचे समीकरण झ = क्ष²/अ² + य²/ब² असे लिहितात, खोगिराचे झ = क्ष²/अ² − य²/ब². वाटी आडवी कापली तर लंबवर्तुळ मिळते. अ आणि ब सारखे असतील तर वर्तुळ. म्हणजे अन्वस्त स्वतःच्या अक्षाभोवती फिरवला की वाटी तयार होते. खोगीर आडवे कापले तर अपास्त (हायपरबोला) मिळतो. तिथे एका दिशेने चालणारा चढत जातो आणि काटकोनातल्या दिशेने चालणारा उतरत जातो. मधला बिंदू शिखरही नाही आणि तळही नाही. दोन खांबांमध्ये सैल सोडलेल्या तारेला अन्वस्त म्हणण्याची चूक नेहमी होते. तो वक्र दिसायला जवळचा असला तरी वेगळा आहे.

वाटीच्या आकारमानाचा हिशेब आर्किमिडीजने इ.स.पू. तिसऱ्या शतकातच मांडला होता : फिरवून केलेली वाटी जेवढ्या उंचीच्या आणि जेवढ्या तोंडाच्या डब्यात बरोबर बसते, त्या डब्याच्या निम्मे पाणी तिच्यात मावते. शंकूत एक तृतीयांश मावते, हे ज्यांना पाठ आहे त्यांनी त्याच्या शेजारी हे लिहून ठेवायला हरकत नाही.

वाटी आणि ऊन : गोल तोंडाच्या वाटीत अक्षाला समांतर आलेले सर्व किरण परावर्तनानंतर एकाच बिंदूत, नाभीत, जमतात. हा गुण फक्त अन्वस्ताचा. गोलाकार आरसा किरण साधारण एकत्र आणतो, नेमके नाही. डायोक्लीझ या ग्रीक गणितज्ञाने जाळणाऱ्या आरशांवर लिहिताना हे सिद्ध केले. न्यूटनच्या १६६८च्या दुर्बिणीतला आरसा मात्र गोलीयच होता. दुर्बिणीसाठी खरा अन्वस्ताभ आरसा घासून दाखवला तो जॉन हॅडलीने, १७२१ मध्ये.

सोलापूरच्या उन्हाबद्दल सोलापूरकराला काही सांगायची गरज नाही. १.४ मीटर व्यासाची, २८ सेंटिमीटर नाभीय अंतराची (तळापासून नाभी तेवढी दूर असलेली) सौरचूल घेतली तर तिच्या तोंडावर भर दुपारी सुमारे दीड किलोवॅट ऊन पडते, पण पातेल्यापर्यंत पोचतात सुमारे ६०० वॅट. उरलेले पत्र्याची चमक, पातेल्याचा रंग आणि वारा खातो. अशा तबकडीची खोली काढायची तर त्रिज्येचा वर्ग करून त्याला नाभीय अंतराच्या चौपटीने भागायचे : इथे सुमारे ४४ सेंटिमीटर. खोली नाभीय अंतरापेक्षा जास्त आहे, म्हणून नाभी काठाच्या आत राहते आणि शेजारून जाणाऱ्याच्या डोळ्यांवर झोत येत नाही. उथळ तबकडीत नाभी काठाबाहेर असते. तिच्याजवळ पोरांना खेळू देऊ नये.

तबकडीचा अक्ष सूर्याकडेच हवा, नाहीतर ठिपका पसरतो आणि डाळ कच्ची राहते. म्हणून ती दर पंधरा-वीस मिनिटांनी फिरवावी लागते. सौरचुली अडगळीत जाण्याचे एक मोठे कारण हेच असावे. सोलापूर साधारण १७.७ अंश उत्तर अक्षांशावर आहे. त्यामुळे मे महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यात आणि पुन्हा ऑगस्टच्या पहिल्या दिवसांत मध्यान्हीला सूर्य बरोबर डोक्यावर येतो. उभ्या काठीची सावली तिच्याच पायाशी गडप होते आणि तबकडी आकाशाकडे सरळ उताणी ठेवता येते. ऑगस्टात अर्थात ढगांची परवानगी लागते.

मोठ्या स्वयंपाकघरांसाठी शेफलर तबकड्या वापरतात. त्या म्हणजे अन्वस्ताभाच्या बाजूचा कापून घेतलेला तुकडा असतो, त्यामुळे तबकडी फिरली तरी नाभी जागची हलत नाही आणि वाफेची नळी एका ठिकाणी पक्की बसवता येते. शिर्डीच्या प्रसादालयावर अशा ७३ तबकड्या २००९ मध्ये बसवल्या गेल्या.

डिश, रडार, जाळी : घरोघरच्या गच्चीवरची टीव्हीची डिश हीसुद्धा बाजूचा कापलेला तुकडाच. तिची नाभी समोर न येता खाली येते आणि तिथल्या पकडयंत्राची सावली डिशवर पडत नाही. डीडी फ्री डिशचा उपग्रह ९३.५ अंश पूर्व रेखांशावर आहे, म्हणून सोलापुरातल्या त्या डिश आग्नेयेकडे तोंड करून असतात. पाहणाऱ्याला वाटते की डिश शेजारच्या पाण्याच्या टाकीकडे बघते आहे. प्रत्यक्षात तिचे लक्ष क्षितिजापासून सुमारे ६० अंश वर असते.

२०१८ आणि २०१९च्या पावसाळ्यांत पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय मौसमविज्ञान संस्थेने सोलापूर परिसरात ढगांवर बीजारोपणाचे प्रयोग केले आणि त्यासाठी शहरात ढग टिपणारे सी-बँड रडार होते. असे रडार लांबून पांढऱ्या गोळ्यासारखे दिसते. गोळा हे नुसते कवच. आत फिरत असते ती अन्वस्ताभ तबकडीच.

पुणे जिल्ह्यातल्या खोडदची महाकाय मीटरतरंग रेडिओ दुर्बीण, म्हणजे जीएमआरटी, खगोलशास्त्रज्ञ गोविंद स्वरूप यांनी उभी केली. तिच्या ३० तबकड्या प्रत्येकी ४५ मीटर व्यासाच्या आहेत आणि नाभीय अंतर १८.५४ मीटर. वरच्याच हिशेबाने खोली ६.८ मीटर येते, दोन मजले सहज. एवढा पत्रा वाऱ्यात टिकवायचा तर खर्च आवाक्याबाहेर गेला असता. तिथे पत्रा नाहीच. दोरांच्या सांगाड्यांवर ताणलेली पोलादी तारांची जाळी आहे. तरंगलांबीपेक्षा जाळीची भोके बरीच लहान असली की रेडिओ तरंगांना ती अखंड पृष्ठच वाटते, आणि वारा मात्र आरपार जातो. खऱ्या वाटीवर एकही सरळ रेषा मावत नाही, त्यामुळे तिथली वक्रता म्हणजे लहान लहान सपाट तुकड्यांची तडजोड आहे.

फिरते द्रव : पाण्याची बादली एकसारख्या वेगाने गोल फिरत राहिली की पाण्याचे तोंड अन्वस्ताभ होते. उत्तराखंडात देवस्थळ येथे २०२२ पासून याच तत्त्वावर चार मीटर व्यासाचा पाऱ्याचा आरसा वापरात आहे. आठ सेकंदांत एक फेरी, नाभीय अंतर आठ मीटर. वेग बदलला की नाभी सरकते. घासणे नाही, पॉलिश नाही. अडचण एवढीच की तो डोक्यावरच्या आकाशाखेरीज कुठे पाहू शकत नाही. कलला तर पारा सांडेल.

खोगीर आणि माग : या पृष्ठाची जात माग चालवणाऱ्याला प्राध्यापकापेक्षा लवकर कळावी, असे या नोंदीच्या लेखकाला वाटते. खोगिराच्या प्रत्येक बिंदूतून दोन सरळ रेषा जातात आणि त्या पूर्णपणे पृष्ठावरच राहतात. अ आणि ब सारखे असतील तेव्हा अक्ष ४५ अंशांनी वळवून माप जुळवून घेतले की समीकरण झ = क्ष·य इतके साधे होते. यात क्ष ठरवून टाकला की उरते ती सरळ रेषा, य ठरवला तरी सरळ रेषाच. एक संच ताण्याचा (उभ्या धाग्यांचा), दुसरा बाण्याचा (आडव्या धाग्यांचा).

करून पाहायचे असेल तर दोन काठ्यांवर सारख्या अंतराने खुणा करून खुणेला खूण जोडत धागे ताणावेत आणि मग एका काठीचे एक टोक उचलून दुसरे तेवढेच खाली न्यावे. प्रत्येक धागा सरळच राहतो, तरी सगळा ताणा मिळून पिळवटलेले खोगीर होते. हे करताना कडेचे धागे मधल्यांपेक्षा लांब लागतात. सगळे एकाच लांबीचे कापले असतील तर कडेचे तुटतील किंवा मधले लोंबतील. आता प्रत्येक ताण्यावर सारख्याच प्रमाणात अंतर मोजून बाणा ओवला, तर तोही सरळ जातो. धोट्याला वळण घ्यावे लागत नाही.

मात्र सपाट विणलेली चादर या आकारावर अशीच बसत नाही. गाउसने १८२७ मध्ये दाखवले की पृष्ठाची वक्रता ही त्याच्या अंगचीच असते. न ताणता, न चुरगाळता तिची सपाटी करता येत नाही. कापड तरीही बसते, कारण विणीचे चौकोन तिरपे होऊन समभुज होतात. शिंपी त्याला उरेब म्हणतो. चेबिशेव्ह या रशियन गणितज्ञाने १८७८ मध्ये पॅरिसला कपड्यांच्या कापणीवर व्याख्यान दिले ते नेमके याच प्रश्नावर. शाळेचे गणवेश शिवणाऱ्या सोलापुरात हे व्याख्यान फारसे कुणाला माहीत नसावे, ही थोडी गंमतच आहे.

बाजारातले पाल बांधताना समोरासमोरचे दोन कोपरे उंच आणि उरलेले दोन खाली बांधले की ताडपत्री खोगिराचा आकार घेते, वाऱ्यात फडफडत नाही आणि पाणी दोन ठरलेल्या कोपऱ्यांतून उतरते. मधे सपाट राहिलेल्या पालात साचणारे पोटभर पाणी काठीने उडवत बसणाऱ्यांना याची किंमत विचारावी. काँक्रीटमध्ये हीच युक्ती वास्तुशिल्पी फेलिक्स कँडेला (१९१०–१९९७) यांनी वापरली. मेक्सिकोतल्या सोचिमिल्को येथील लॉस मानान्तियालेस या उपाहारगृहाचे १९५८चे छत अवघे चार सेंटिमीटर जाड आहे. सरळ रेषांचा फायदा इथेही आहे : वाकडे छत ओतायला सेंट्रिंगच्या फळ्या सरळच चालतात. वीजकेंद्रांचे कमरेत बारीक झालेले मनोरेही सरळ रेषांनी बनतात, पण ते वेगळे घराणे. त्यांना अन्वस्ताभ म्हणू नये.

सहनिर्देशक : अन्वस्ताभ नुसती वस्तू नाही, जागा मोजण्याची चौकटही आहे. आरंभबिंदूपासूनचे अंतर र आणि उंची झ घ्यावी, मग प² = र + झ आणि फ² = र − झ हे दोन सहनिर्देशक होतात; तिसरा म्हणजे अक्षाभोवतीचा कोन. प स्थिर धरला की खाली तोंड असलेली वाटी मिळते, फ स्थिर धरला की वर तोंड असलेली, आणि सगळ्या वाट्यांची नाभी एकच. विद्युत्क्षेत्रात ठेवलेल्या हायड्रोजनच्या वर्णरेषा फुटतात, तो स्टार्क परिणाम. त्याचा हिशेब १९१६ मध्ये एपस्टाइन आणि श्वार्झशिल्ड यांनी आणि १९२६ मध्ये श्रोडिंगरने मांडला तो याच चौकटीत, कारण तिच्यात समीकरणाचे तुकडे सुटे करता येतात. असे तुकडे पाडू देणाऱ्या चौकटी तरंगसमीकरणाला अकराच आहेत, हे गणितज्ञ आयझेनहार्टने १९३४ मध्ये दाखवले. त्यांतल्या एकीत तीनही कुळे अन्वस्ताभांचीच आहेत : वर तोंडाच्या वाट्या, खाली तोंडाच्या वाट्या आणि मधे खोगिरे. अवकाशातल्या कोणत्याही सर्वसाधारण बिंदूपाशी दोन वाट्या आणि एक खोगीर एकमेकांना काटकोनात छेदतात.