पिवळा पित्तपापडा आणि कोशातला पित्तपापडा

तापाच्या काढ्यात पित्तपापडा पडतो, हे माळव्यात वेगळे सांगायला नको. घोळ आहे तो इंदूरच्या सियागंज बाजारातून आणलेल्या पुडीत नेमकी कोणती वनस्पती निघते याचा.

चरकाच्या षडंगपानीयात, म्हणजे तापावरच्या सहा औषधांच्या पाण्यात, मोथा, वाळा, सुंठ यांच्याबरोबर पर्पट, म्हणजेच पित्तपापडा, येतो. पुढच्या निघंटूंनी, म्हणजे औषधांच्या जुन्या कोशांनी, त्याला धुळीची आणि कवचाची नावे दिली, कडू म्हटले. फुलाच्या रंगाचा मात्र पत्ता लागू दिला नाही. मग ज्या मुलखात जे कडू झुडूप हाताशी आले, तेच पर्पट ठरले. उत्तरेत गव्हात उगवणारी, फिकट गुलाबी फुलांची फ्युमेरिया, गुजरातेत अडुळशाच्या कुळातली एक, केरळात परिपाठ नावाची वनस्पती.

दख्खनच्या मराठी घरांत तो मान खडकशेपूचा. मुरमाड माळावर पावसाळ्यात वर येणारी, वितीएवढी, शेपूसारख्या चिरलेल्या पानांची. फुले पिवळी, सूर्यफुलाच्या कुळातली, आणि आयुष्य एका हंगामाचे. युरोपीय वनस्पतिशास्त्रात ती आधी ‘व्हर्बेसिना’ वंशात गेली, 1834 मध्ये ‘ग्लोसोकार्डिया’त आली. हे फक्त कागदोपत्री. काढा उकळणाऱ्यांना त्याचे सोयरसुतक नव्हते.

खरा तंटा अलीकडचा. सरकारी आयुर्वेदिक औषधिकोशाने पर्पट म्हणजे फ्युमेरिया, असे ठरवून टाकले. कारण समजण्याजोगे आहे: कारखान्यात येणारा माल तपासायचा तर एकच वनस्पती हवी, आणि फ्युमेरियातले प्रोटोपिन हे अल्कलॉइड प्रयोगशाळेत सापडते. खडकशेपूत ते शोधणे म्हणजे शेपूत खसखस शोधणे. पण या निकषाने एवढेच कळते की ही फ्युमेरिया नव्हे. खडकशेपूने ताप उतरतो की नाही, हा प्रश्न तसाच राहतो. पिढ्यान्‌पिढ्या वापरलेली वनस्पती त्यामुळे एका फटक्यात ‘भेसळ’ झाली. ‘प्रतिनिधी द्रव्य’, म्हणजे मूळ औषधाच्या जागी चालणारे, म्हणून तिला जागा देता आली असती. आयुर्वेदाला ती कल्पना काही नवी नाही.

माळव्याची पंचाईत दुहेरी. खाली काळ्या जमिनीत गहू आहे, म्हणजे थंडीत फ्युमेरिया तण म्हणून फुकट मिळते. वर बसाल्टच्या उघड्या टेकाडांवर खडकशेपूला हवी तशी जागा. दोन्ही वाळून चुरा झाल्या की नुसत्या नजरेने वेगळ्या काढणे जाणत्यालाही जड. चिमूट चोळून बडीशेपेसारखा वास आला तर ती पिवळ्या फुलांची, हीच त्यातल्या त्यात सोपी खूण. कारखान्याच्या बाटलीवर शास्त्रीय नाव छापावे लागते. सुट्या पुडीवर मात्र, लिहिलेच तर, ‘पित्तपापडा’ एवढेच असते.