एम्युलेटर बायोस का मागतो : संगणकावरच्या कन्सोलची पार्श्वभूमी

नाशिकमधल्या एखाद्या विद्यार्थ्याने आज आपल्या लॅपटॉपवर डकस्टेशन किंवा पीसीएसएक्स२ हे एम्युलेटर, म्हणजे सोनीच्या प्लेस्टेशन कन्सोलची (टीव्हीला जोडून खेळण्याच्या यंत्राची) नक्कल करणारे प्रोग्रॅम, बसवले, तर खेळ दिसण्याआधी त्याला बऱ्याच प्रश्नांची उत्तरे द्यावी लागतात. बायोसची, म्हणजे कन्सोल सुरू करणाऱ्या मूलभूत प्रोग्रॅमची, फाइल कुठे ठेवली आहे, खेळांचे फोल्डर कोणते, चित्र रेखाटण्यासाठी ग्राफिक्स कार्डाशी व्हल्कन या पद्धतीने बोलायचे की ओपनजीएलने, कंट्रोलरचे कोणते बटण कोणत्या कामाला लावायचे, अशी ती यादी असते. मोबाइलवर बोट टेकवताच खेळ सुरू होण्याची सवय असलेल्याला हा खटाटोप अनाकलनीय वाटतो आणि बायोस नाही म्हणून गाडे अडले की पुष्कळ जण तिथेच नाद सोडतात. वास्तविक यातला एकही प्रश्न उगाच विचारलेला नाही. कुठला १९८०च्या दशकातल्या कॅसेटच्या रचनेतून आला आहे, कुठला अमेरिकेतल्या एका खटल्यातून, तर कुठला ग्राफिक्स कार्डांच्या जुन्या स्पर्धेतून.

एका यंत्रासाठी लिहिलेला प्रोग्रॅम दुसऱ्या यंत्रावर जसाच्या तसा चालवण्याची गरज मुळात खेळांमुळे निर्माण झालेली नाही. आयबीएमने १९६४ मध्ये सिस्टिम/३६० ही संगणकमालिका जाहीर केली, तेव्हा जुन्या १४०१ यंत्रावर हिशेब चालवणाऱ्या ग्राहकांना आपले प्रोग्रॅम टाकून द्यायचे नव्हते. म्हणून नव्या यंत्रांत जुन्या यंत्राच्या आज्ञा समजून घेण्याची सोय मायक्रोकोडच्या, म्हणजे प्रोसेसरच्या आतल्या सूक्ष्म आज्ञांच्या, साहाय्याने करण्यात आली. खेळांच्या बाबतीत ही कल्पना रुजायला पुढची पंचवीस-तीस वर्षे जावी लागली, कारण घरातला संगणक कन्सोलच्या कित्येक पट वेगवान झाल्याशिवाय त्याची हुबेहूब नक्कल करणे शक्यच नव्हते.

निन्टेंडोने १९८३ साली जपानमध्ये फॅमिकॉम आणला आणि १९८५ मध्ये तो एनईएस या नावाने अमेरिकेत गेला. नाशिकमध्ये या दोन्ही नावांनी त्याला फारसे कुणी ओळखले नाही. १९९०च्या दशकात मेन रोड आणि शालिमारच्या बाजारात, पुढे सिडकोतल्या लहान दुकानांतही, जे मिळायचे त्याला सगळे ‘टीव्ही गेम’ म्हणत. मायक्रो जीनियस, मीडिया, लिटल मास्टर अशी नावे छापलेली ती यंत्रे म्हणजे फॅमिकॉमच्या सर्किटची नक्कल होती. अँटेनाच्या जागी वायर खोचायची, चित्र स्थिर होईपर्यंत चॅनेल ट्यून करायचा आणि कॅसेट चालली नाही तर तिच्या कडेला फुंकर मारून पुन्हा बसवायची, हा विधी त्या पिढीतल्या प्रत्येकाला पाठ आहे. त्या कडेवर साठ पिना असत आणि बिघाड बहुतेक वेळा त्यांच्या संपर्कातच असे; फुंकरीपेक्षा कॅसेट काढून पुन्हा बसवण्याचाच उपयोग जास्त होत असावा. ‘९९९९ इन १’ असे दिमाखात छापलेल्या कॅसेटमध्ये प्रत्यक्षात थोडेच खेळ नावे बदलून पुन्हापुन्हा भरलेले असत, ही फसवणूकही सगळ्यांना ठाऊक होती आणि तरीही ती कॅसेट हातोहात खपत असे.

या कॅसेटच्या आत एम्युलेटरची पहिली खरी अडचण दडलेली होती. फॅमिकॉमचा प्रोसेसर ६५०२ या घराण्यातला, आणि त्याला कॅसेटमधला प्रोग्रॅमचा साधारण ३२ किलोबाइट भागच एका वेळी थेट दिसे. ‘सुपर मारिओ ब्रदर्स’ तेवढ्यात मावला: ३२ किलोबाइट प्रोग्रॅम आणि ८ किलोबाइट चित्रे. ‘कॉन्ट्रा’चा प्रोग्रॅम मात्र १२८ किलोबाइटचा होता. एवढा मोठा खेळ दाखवण्यासाठी कॅसेटमध्येच जादा सर्किट बसवून, प्रोग्रॅमचे तुकडे गरजेप्रमाणे प्रोसेसरसमोर आणले जात. या सर्किटांचे शेकडो प्रकार झाले आणि त्यांना मॅपर असे नाव पडले. त्यामुळे कॅसेटच्या चिपमधली माहिती संगणकात उतरवून घेतली तरी काम संपत नाही. ती कोणत्या मॅपरवर बसलेली होती हेही एम्युलेटरला कळावे लागते. १९९६च्या सुमारास मरात फैझुलिन यांच्या आयएनईएस या एम्युलेटरने यासाठी फाइलच्या सुरुवातीला १६ बाइटांची ओळखपट्टी जोडली आणि तीच पुढे सर्वमान्य झाली. मारिओची फाइल ४०,९६० ऐवजी ४०,९७६ बाइटांची दिसते ती याच पट्टीमुळे. टीव्ही गेमच्या बहुखेळी कॅसेटवरून उतरवलेल्या फाइली पुष्कळदा का अडखळतात, याचेही उत्तर इथेच आहे: त्यांचे मॅपर नकला करणाऱ्या कारखान्यांनी आपापल्या सोयीने बनवलेले होते आणि त्यांची कुठे धड नोंदच नव्हती.

एप्रिल १९९७ मध्ये आलेल्या नेस्टिकल या एम्युलेटरने डॉसवर, ४८६ प्रोसेसरच्या साध्या संगणकावरही हे खेळ पूर्ण वेगाने पळवून दाखवले. नेमकेपणाच्या बाबतीत तो बराच ढिला होता. पण एम्युलेटर ही जाणकारांची करामत न राहता कुणालाही वापरता येण्याजोगी वस्तू झाली ती त्याच्यामुळे. त्याच वर्षी फेब्रुवारीत इटलीच्या निकोला साल्मोरिया यांनी मेम या एम्युलेटरची पहिली आवृत्ती प्रसिद्ध केली होती. मेमचा विषय कन्सोल नव्हता, व्हिडिओ गेम पार्लरमधली यंत्रे हा होता, आणि आपल्याकडच्या वाचकाला एम्युलेटरची पहिली ओळख बहुधा त्याच बाजूने झालेली असते, जरी तेव्हा त्याला ते कळले नसले तरी. कॅपकॉमचा १९९३चा ‘कॅडिलॅक्स अँड डायनोसॉर्स’ हा खेळ महाराष्ट्रात सर्रास ‘मुस्तफा’ म्हणून ओळखला जातो. पिवळी टोपी घातलेले मुस्तफा नावाचे पात्र त्यात आहे म्हणून. पार्लर बंद पडू लागली तेव्हा हाच खेळ सायबर कॅफेतल्या आणि घरोघरच्या असेंबल केलेल्या पीसींवर एका फोल्डरच्या रूपाने फिरू लागला. चिन्हावर दोनदा क्लिक केले की सुरू, त्यामुळे तो पीसीचाच खेळ आहे असा समज झाला. त्या फोल्डरमध्ये एक एम्युलेटर आणि मूळ सर्किट बोर्डावरच्या चिपांची उतरवलेली प्रत असे. सेटिंगची डोकेदुखी कुणीतरी आधीच उरकलेली होती, एवढेच.

मुस्तफाच्या मूळ बोर्डाची एक गोष्ट इथे सांगण्याजोगी आहे. त्यातल्या आवाजाच्या प्रोसेसरला काबुकी म्हणत. त्याचा प्रोग्रॅम सांकेतिक लिपीत होता आणि ती लिपी उलगडण्याची किल्ली बॅटरीच्या आधारावर जिवंत ठेवलेली होती. बॅटरी संपली की किल्ली गेली. नकली बोर्ड निघू नयेत म्हणून केलेली ही योजना मूळ बोर्डाच्याच मुळावर उठली. कॅपकॉमने पुढच्या सीपीएस-२ या पिढीत हीच पद्धत संपूर्ण खेळाला लावली, आणि त्या बोर्डांचे संरक्षण भेदून खेळ वाचते करायला एम्युलेटर लिहिणाऱ्यांना २००१ साल उजाडले. जुने खेळ जपण्यासाठी हा उद्योग आहे असे जे समर्थन केले जाते, ते नेहमीच प्रामाणिक असते असे नाही. या बोर्डांच्या बाबतीत मात्र ते खरे आहे.

आता बायोसकडे. सोनीचा प्लेस्टेशन डिसेंबर १९९४ मध्ये जपानमध्ये आला. त्यात खेळ सीडीवर असला तरी यंत्र सुरू करण्याचा, सीडी वाचण्याचा आणि मेमरी कार्ड सांभाळण्याचा मूलभूत प्रोग्रॅम यंत्रातल्याच ५१२ किलोबाइटच्या चिपमध्ये होता. हाच बायोस, आणि त्याचा कॉपीराइट सोनीचा. १९९९च्या जानेवारीत कनेक्टिक्स या कंपनीने मॅकिंटॉशवर प्लेस्टेशनचे खेळ चालवणारा व्हर्च्युअल गेम स्टेशन हा प्रोग्रॅम विक्रीला काढला. तो तयार करताना कंपनीच्या अभियंत्यांनी सोनीचा बायोस उतरवून घेतला, संगणकावर चालवून त्याचे वर्तन तपासले आणि मग तेच काम करणारा आपला स्वतंत्र प्रोग्रॅम लिहिला; विकलेल्या वस्तूत सोनीचा कोड नव्हता. सोनीने दावा लावला. खालच्या न्यायालयाने विक्री थांबवली, पण फेब्रुवारी २००० मध्ये अमेरिकेच्या नवव्या सर्किटच्या (न्यायक्षेत्राच्या) अपील न्यायालयाने कनेक्टिक्सच्या बाजूने कौल दिला: यंत्राचे कार्य समजून घेण्यासाठी मधल्या टप्प्यावर केलेली नक्कल हा रास्त वापर ठरतो. ब्लीम नावाच्या दुसऱ्या एम्युलेटरविरुद्धच्या खटल्यातही, जाहिरातीत तुलनेसाठी प्लेस्टेशनची चित्रे वापरण्यापुरता, त्याच न्यायालयाने सोनीच्या विरोधात निर्णय दिला. या विजयांचा व्यवहारात दोघांनाही लाभ झाला नाही. सोनीने २००१ मध्ये कनेक्टिक्सचा तो प्रोग्रॅम विकत घेऊन बंद केला आणि ब्लीम वकिलांच्या खर्चाने त्याच वर्षी बुडाली.

निकालाने आखून दिलेली रेघ मात्र टिकली. एम्युलेटर लिहिणे वैध, कंपनीचा बायोस त्याच्यासोबत वाटणे अवैध. फुकट वाटले जाणारे एम्युलेटर लिहिणाऱ्यांकडे बायोसचा प्रत्येक बारकावा नव्याने लिहायला कंपनीइतके मनुष्यबळ नव्हते, म्हणून त्यांनी सोपा मार्ग धरला: आमचा प्रोग्रॅम घ्या, बायोस तुमच्या कन्सोलमधून तुम्ही आणा. आजच्या सेटिंगमधला तो पहिला प्रश्न या तडजोडीतून आलेला आहे.

ग्राफिक्सच्या प्रश्नाचे मूळ वेगळे आहे. १९९६च्या निन्टेंडो ६४ चा प्रत्येक अंतर्गत व्यवहार हुबेहूब वठवायचा तर त्या काळचा कोणताही घरगुती संगणक अपुरा होता. जानेवारी १९९९ मध्ये अल्ट्राएचएलई या एम्युलेटरच्या दोन लेखकांनी हा आग्रहच सोडला. खेळ ‘हा त्रिकोण काढ’ अशा अर्थाच्या ज्या आज्ञा देतो, त्या मध्येच अडवून थेट थ्रीडीएफएक्स कंपनीच्या व्हूडू या ग्राफिक्स कार्डाच्या भाषेत सांगायच्या, ही त्यांची युक्ती होती. चालू पिढीतला कन्सोल पीसीवर खेळता येतो हे पाहून सगळे थक्क झाले. व्हूडू कार्ड नसलेले मात्र नुसते पाहत राहिले. प्लेस्टेशनच्या एम्युलेटरांनी त्यावर प्लगइनची पद्धत रूढ केली, म्हणजे चित्र, आवाज, सीडी आणि कंट्रोलर या प्रत्येकासाठी वेगळी फाइल, ज्याच्याकडे जे कार्ड असेल त्याप्रमाणे निवडायची. २००० साली आलेल्या ईपीएसएक्सई या प्लेस्टेशनच्या एम्युलेटरच्या वापरकर्त्यांचा खेळण्यापेक्षा जास्त वेळ प्लगइन बदलून पाहण्यात जात असे. पीसीएसएक्स२ ने ही पद्धत जवळजवळ वीस वर्षे सांभाळली आणि जुलै २०२४ मध्ये २.० ही स्थिर आवृत्ती आली तेव्हा प्लगइन इतिहासजमा झालेले होते. व्हल्कन की ओपनजीएल हा प्रश्न त्या व्यवस्थेचा उरलेला अंश आहे.

प्लेस्टेशन २ चे प्रकरण आणखी गुंतागुंतीचे. मार्च २००० मधल्या या यंत्राचा मुख्य प्रोसेसर २९४ मेगाहर्ट्झचा, म्हणजे आजच्या हिशेबाने किरकोळ. पण त्याच्या जोडीला गणितासाठीची दोन व्हेक्टर युनिट, वेगळा ग्राफिक्स प्रोसेसर आणि जुन्या प्लेस्टेशनचाच प्रोसेसर हे सगळे एकाच वेळी, एकमेकांची वेळ सांभाळत काम करत. त्यात त्याचे अपूर्णांकांचे गणित संगणकांनी स्वीकारलेल्या आयईईई प्रमाणाला धरून नव्हते. संगणकात एखादी संख्या हाताबाहेर गेली की उत्तर ‘अनंत’ येते. प्लेस्टेशन २ ला अनंत ठाऊकच नव्हते, तो सर्वांत मोठ्या संख्येवर थांबे. खेळ लिहिणारे याच वागणुकीवर विसंबलेले. त्यामुळे पीसीवर काही खेळांत पात्रे जमिनीखाली जात, काहींत भिंती काटेरी होऊन आकाशात पसरत. क्लॅम्पिंग आणि राउंडिंग नावाच्या ज्या सेटिंगना नवखे घाबरतात, त्या हा फरक बुजवण्यासाठी आहेत. आता प्रत्येक खेळासाठी योग्य ती निवड एम्युलेटर आपल्या यादीवरून आपोआप करतो, म्हणून त्यांना सहसा हात लावू नये.

भारतातही या यंत्रासाठी खेळ तयार झाले होते, हे फारसे कुणाच्या लक्षात नाही. हैदराबादच्या ऑरोना टेक्नॉलॉजीजने २००९ मध्ये प्लेस्टेशन २ साठी ‘हनुमान : बॉय वॉरियर’ काढला. खेळ म्हणून तो बेताचाच होता, पण ज्यांच्याकडे डिस्क उरली आहे आणि कन्सोल नाही, त्यांना तो पाहण्याचा एम्युलेटरखेरीज दुसरा मार्ग नाही.

भारतीय कायदा याबाबत काय म्हणतो, हे अमेरिकी निकालांच्या चर्चेत राहून जाते. कॉपीराइट अधिनियम, १९५७ च्या कलम ५२ नुसार संगणक प्रोग्रॅमची प्रत कायदेशीरपणे बाळगणाऱ्याला हानीपासून संरक्षण म्हणून बॅकअप प्रत करता येते, आणि स्वतंत्रपणे लिहिलेला प्रोग्रॅम दुसऱ्याशी जुळवून घेण्यासाठी लागणारी माहिती, ती अन्यथा सहज मिळत नसेल तर, मिळवता येते. २०१२ च्या दुरुस्तीने आलेले कलम ६५अ हक्कभंगाच्या हेतूने संरक्षक कुलूप तोडण्याला शिक्षा ठेवते. जुन्या बाजारात घेतलेल्या कन्सोलमधून आपल्यापुरता बायोस काढणे आणि कुठल्याशा साइटवरून हजार खेळांचा गठ्ठा उतरवणे, या दोन गोष्टी त्यामुळे एका पारड्यात बसत नाहीत. निन्टेंडोने २०२४ मध्ये आपल्या स्विच कन्सोलच्या युझू या एम्युलेटरविरुद्ध अमेरिकेत दावा लावला, तोही मुख्यतः कुलूप तोडण्याच्याच मुद्द्यावर. २४ लाख डॉलर देण्याची तडजोड करून युझू बंद झाला.

प्लेस्टेशन २ चा ४ मेगाबाइटचा बायोस काढण्यासाठी कन्सोलवर बाहेरचा प्रोग्रॅम चालवावा लागतो. ती सोय बहुधा खास तयार केलेल्या मेमरी कार्डाने करतात आणि फाइल पेनड्राइव्हवर उतरवतात. डिस्कची प्रत काढायला साधा डीव्हीडी ड्राइव्ह पुरतो, पण नव्या लॅपटॉपमध्ये तो नसतो. यूएसबीवर चालणारा बाहेरचा ड्राइव्ह वेगळा घ्यावा लागतो, आणि खूप ओरखडे असलेल्या डिस्कसाठी दोन वेगवेगळ्या कंपन्यांचे ड्राइव्ह आलटून पालटून वापरून पाहिल्यास एखाद्यावर ती वाचली जाण्याची शक्यता वाढते.