गो : इंग्रजीतील एक क्रियापद

गो हे ‘जाणे’ या अर्थाचे इंग्रजी क्रियापद. शाळेत त्याची तीन रूपे एका दमात पाठ होतात : गो, वेंट, गॉन. मधलेच रूप इतके परके का, हा प्रश्न मात्र वर्गात सहसा कोणी विचारत नाही. ‘वेंट’ हे मुळात ‘गो’चे रूप नाही, ते दुसऱ्या क्रियापदाकडून आलेले आहे. एका धातूच्या रूपावलीत दुसऱ्या धातूचे रूप येऊन बसण्याला संस्कृत व्याकरणात ‘आदेश’ म्हणतात. ‘दृश्’चे वर्तमानकाळी ‘पश्यति’ होते ते याच न्यायाने. मराठी माणसाला तर याचे नवल वाटायला नको. आपण ‘जातो’ म्हणतो आणि भूतकाळात ‘गेला’. त्यातला ‘जा’ संस्कृत ‘याति’पासून आला, तर ‘गेला’ हा ‘गम्’च्या ‘गत’ या रूपापासून. दोन धातूंचा हा जोड आपल्या इतका अंगवळणी पडला आहे की तो जाणवतही नाही.

जुन्या इंग्रजीत हे क्रियापद ‘गान’ असे होते, आणि त्याही काळी त्याला स्वतःचा भूतकाळ नव्हता. त्या जागी ‘एओदे’ हे रूप वापरले जाई. ते वेगळ्याच धातूचे. ‘याति’ आणि ‘एति’ ही संस्कृत रूपे ज्या घराण्यातली, त्याच घराण्याशी त्याचे नाते बहुतेक अभ्यासक लावतात. पुढे इंग्लंडच्या दक्षिण भागात ‘एओदे’ची पीछेहाट झाली आणि पंधराव्या शतकाच्या सुमारास ‘वेंट’ने त्याची जागा घेतली. हा ‘वेंट’ म्हणजे ‘वेंड’ (वळणे, मार्गाला लागणे) या क्रियापदाचा भूतकाळ. सेंडचे सेंट आणि बेंडचे बेंट होते, तसे वेंडचे वेंट. भूतकाळच हातचा गेल्यावर बिचाऱ्या ‘वेंड’ने ‘वेंडेड’ असे नवे रूप केले आणि ‘वेंड वन्स वे’ अशा एखाद्या वाक्प्रचारापुरते ते उरले. स्कॉटलंडमध्ये हा बदल झाला नाही. तिथे ‘गे’ या उच्चारापासून ‘गेड’ असा सरळ भूतकाळ तयार झाला. लहान इंग्रज मुले ‘गोड’ (गो अधिक ड) म्हणतात आणि मोठी माणसे त्यांची चूक सुधारतात, पण तर्क मुलांच्याच बाजूने आहे.

‘एओदे’ जाता जाता एक गंमत करून गेला. त्याचे ‘योड’ हे रूप जुन्या कवितेत शिल्लक होते. एडमंड स्पेन्सरने ‘द फेअरी क्वीन’ (1590) या काव्यात मुद्दाम जुनी भाषा वापरली. त्याने ‘योड’ हा भूतकाळ धरला आणि त्यावरून ‘यीड’ हे मूळ क्रियापद बेतून ‘जाणे’ या अर्थी वापरले. असे मूळ क्रियापद कधी नव्हतेच. जुने रूपही भूतकाळाचेच होते.

‘गो’ ऐकताच संस्कृतातला ‘गम्’ आठवतो, आणि दोन्हींची सोयरीक लावून देणारेही भेटतात. ती सोयरीक टिकत नाही. संस्कृतातला ‘ग’ इंग्रजीत ‘क’च्या रूपाने भेटतो : संस्कृत ‘गो’ म्हणजे गाय, तिचे इंग्रजी भावंड ‘काउ’. याच हिशेबाने ‘गम्’चे भावंड ठरते ‘कम’, म्हणजे येणे! उलट इंग्रजीतला आरंभीचा ‘ग’ संस्कृतात ‘ह’ म्हणून दिसू शकतो, जसे ‘गूस’ आणि ‘हंस’. त्या वाटेने काही अभ्यासक ‘गो’ला ‘हा’ (जिहीते, म्हणजे निघून जातो) या धातूपर्यंत नेतात, पण त्यावर एकमत नाही. म्हणजे आपला ‘गेला’ इंग्रजीतल्या येण्याचा चुलतभाऊ लागतो. ध्वनिसाम्यावर विसंबून व्युत्पत्ती सांगणाऱ्यांनी एवढे एक उदाहरण तरी जवळ ठेवावे.

‘गो’चा जुना अर्थ नुसते जाणे नव्हे, तर पायी चालणे असाही होता. शेक्सपिअरच्या ‘किंग लिअर’मधला विदूषक राजाला सांगतो की चालशील त्याहून जास्त घोड्यावर बस, तिथे चालण्यासाठी शब्द ‘गो’च आहे. हा अर्थ मावळला आणि ‘गो’ला कोणतेही वाहन चालू लागले. त्याच कुळातल्या ‘गँग’चा प्रवास आणखी लांबचा. मुळात त्याचा अर्थ चाल किंवा वाट. पुढे एकत्र चालणारे, एकत्र काम करणारे लोक, आणि मग टोळी. आपल्या रेल्वेचा ‘गँगमन’ यातल्या मधल्या अर्थाचा, वर्तमानपत्रातली ‘गँग’ शेवटच्या अर्थाची. ‘अगो’ (पूर्वी) हाही ‘सरलेला, निघून गेलेला’ अशा अर्थाच्या जुन्या रूपापासून आला आहे.

आजचे अर्थ कोशात कित्येक रकाने भरतील इतके आहेत. यंत्र चालते, रस्ता जातो, पैसे संपतात, घंटा वाजते, पडदा एखाद्या रंगाला शोभतो, सगळ्याला ‘गो’. मेलेल्या माणसाबद्दल मराठीत ‘गेले’ म्हणतात, इंग्रजीतही ‘गॉन’. ‘होणे’ या अर्थी मात्र हे क्रियापद बहुधा बिघाडाकडे झुकते : अन्न नासते, माणूस वेडा, आंधळा किंवा टकला होतो तेव्हा ‘गो’, स्वप्न खरे होते तेव्हा ‘कम’. मराठीतही वाया जाणे, विकोपाला जाणे एका बाजूला आणि फळाला येणे, नावारूपाला येणे दुसऱ्या बाजूला. अर्थात जेरीस येणे आणि डबघाईला येणे हेही मराठीच, तेव्हा ही वाटणी फार ताणू नये. निरोप घेताना आपण ‘जातो’ न म्हणता ‘येतो’ म्हणतो, तो संकेत इंग्रजीला नाही.

व्याकरणाच्या दृष्टीने सर्वांत मोठी घटना म्हणजे ‘गोइंग टू’चे भविष्यकाळदर्शक होणे. आरंभी त्याचा अर्थ कशासाठी तरी प्रत्यक्ष चालू लागणे एवढाच होता. 1482 च्या सुमारास छापलेल्या एका धार्मिक पुस्तकात एका अभागी आत्म्याला नरकात नेले जाण्याचा प्रसंग आहे. तिथे ‘वॉज गोइंग टू’ आले आहे, आणि आत्मा वाटेवर आहे की त्याचे पुढे काय होणार ते सांगितले आहे, हे ठरवणे कठीण. दोन्ही अर्थ बसतात. अशा दुहेरी जागांतूनच नवा अर्थ रुजला. 1646 मध्ये जोशुआ पूलने आपल्या व्याकरणात त्याची भविष्याचे चिन्ह म्हणून नोंद केली. आज ‘पाऊस पडणार आहे’ असे सांगताना कोणी कुठे जात नसते, तरी ‘गोइंग टू’ लागतेच. बोलण्यात त्याचे ‘गॉना’ होते, तेही फक्त भविष्याच्या अर्थी : ‘आय अ‍ॅम गॉना ईट’ चालते, ‘आय अ‍ॅम गॉना पुणे’ चालत नाही. फ्रेंच आणि स्पॅनिश भाषांनीही जाण्याच्या क्रियापदातून असाच भविष्यकाळ उभा केला.

आज्ञार्थी ‘गो’ महाराष्ट्राच्या परिचयाचा आहे. 3 फेब्रुवारी 1928 रोजी सायमन आयोग मुंबईत उतरला तेव्हा ‘सायमन गो बॅक’च्या घोषणा झाल्या; ही घोषणा मुंबईचे समाजवादी नेते युसूफ मेहेरअली यांची मानली जाते. 2020 मध्ये रामदास आठवले यांची ‘गो कोरोना’ ही घोषणा घरोघर पोचली. दोन्ही ठिकाणी इंग्रजी शब्द मराठी तोंडात सहज बसला.

मराठी भाषकांना अडखळवणारी जागा एकच, ‘गॉन’ आणि ‘बीन’. ‘ही हॅज गॉन टू दिल्ली’ म्हणजे तो गेला आहे आणि अजून परतलेला नाही. जाऊन आला असेल तर ‘बीन’ हवे. ‘तो दिल्लीला दोनदा गेला आहे’ हे आपले वाक्य ‘गॉन’ने इंग्रजीत नेले, तर ऐकणारा क्षणभर विचारात पडतो की हा दोनदा गेलेला माणूस आता आहे तरी कुठे.