स्टेवान लाबुदोविच (कॅमेरामन)

स्टेवान लाबुदोविच (1926–2017) हे सर्बियन कॅमेरामन. जन्म माँटेनेग्रोतल्या बेराने गावचा, पण नोकरी बेलग्रेडमध्ये आणि वारलेही तिथेच. कॅमेरामन म्हटलं की आपल्या डोळ्यासमोर हिरो-हिरोईन आणि गाणी येतात, यांचं काम त्यातलं नाही, हे न्यूजरीलवाले. ‘फिल्मस्के नोवोस्ती’ या युगोस्लाव्हियाच्या (सर्बिया, माँटेनेग्रो वगैरे मिळून तेव्हा हा एकच देश होता) सरकारी संस्थेत ते होते. आपल्याकडे थेटरात मेन पिक्चरच्या आधी फिल्म्स डिव्हिजनची समाचार चित्रं लागायची ना, तसलंच काम ही संस्था तिकडे करायची.

राष्ट्राध्यक्ष टिटोंच्या परदेश दौऱ्यांचं शूटिंग करणारे कॅमेरामन म्हणून ते ओळखले जात. टिटोंचं ‘गालेब’ नावाचं जहाज होतं, त्यातून ते आशिया-आफ्रिकेत लांबलांबचे दौरे करायचे, 1954 च्या डिसेंबरात भारतात आले तेही याच जहाजाने. पुढे सप्टेंबर 1961 मध्ये बेलग्रेडला अलिप्त राष्ट्रांची पहिली परिषद भरली, 25 देश आले, नेहरू होते, इजिप्तचे नासर होते, घानाचे एन्क्रुमा होते. त्या काळाची लाबुदोविच यांनी टिपलेली दृश्यं आज इतिहासाच्या अभ्यासाला फार मोलाची आहेत.

पण त्यांचं खरं मोठं काम अल्जीरियातलं. तिथे फ्रान्सचं राज्य होतं, 1 नोव्हेंबर 1954 ला त्याविरुद्ध उठाव झाला आणि आठेक वर्षं युद्ध चाललं, पण फ्रान्स त्याला युद्ध म्हणायलाच तयार नव्हता, सरकारी भाषेत ती ‘सुव्यवस्था राखण्याची कारवाई’ होती (कायद्याने ‘युद्ध’ हा शब्द मान्य व्हायला 1999 उजाडलं!). मग जगाला दिसायचं ते फ्रेंच कॅमेऱ्यातूनच, त्यात लढणारे अल्जीरियन म्हणजे नुसते दहशतवादी. युगोस्लाव्हिया बंडखोरांना गुपचूप शस्त्रं पाठवत होता, जानेवारी 1958 मध्ये ‘स्लोव्हेनिया’ नावाचं शस्त्रांनी भरलेलं जहाज फ्रेंच नौदलाने पकडलंसुद्धा. शस्त्रांच्या जोडीला कॅमेराही पाहिजे हे टिटोंना पटलं आणि 1959 मध्ये लाबुदोविच यांना मुक्तिसेनेकडे धाडलं गेलं. जवळजवळ तीन वर्षं ते त्या सैनिकांसोबत राहिले.

ट्युनिशियाच्या सरहद्दीवर फ्रेंचांनी मोरिस लाइन नावाचं कुंपण घातलं होतं, त्यात 5000 व्होल्टचा करंट, भोवती सुरुंग. अशा ठिकाणी शूटिंग करायचं म्हणजे काय ते जरा डोळ्यासमोर आणून बघा. 35 मिलिमीटरच्या हातातल्या कॅमेऱ्यात 60 मीटरचं रीळ घातलं तर ते सव्वादोन मिनिटांत संपतं, मग कॅमेरामनने उजेडापासून वाचवायला काळ्या पिशवीत दोन्ही हात घालून चाचपडत नवं रीळ भरायचं, आणि तेवढ्या वेळात समोर जे घडेल ते गेलंच. शिवाय धुतलेली फिल्म लगेच बघायला मिळत नाही, डबे दूर लॅबला जातात, शॉट नीट आला की हुकला हे कळायलाही बरेच दिवस लागतात. हे सगळं ज्याला माहीत आहे त्याला त्या फुटेजची किंमत कळेल.

अल्जीरियनांच्या बाजूने शूटिंग करणारे ते एकटेच नव्हते हेही सांगायला पाहिजे, फ्रान्सचेच रेने व्होतिए त्यांच्या आधी तिथे जाऊन आले होते. पण इतका दीर्घ काळ मुक्काम ठोकून त्या सैन्याचं रोजचं जगणं, कवायत, चालणं, लढाया टिपणारा कॅमेरामन म्हणून लाबुदोविच यांचं नाव घ्यावंच लागतं. 5 जुलै 1962 ला देश स्वतंत्र झाला. अल्जीरियात त्यांना ‘क्रांतीचा डोळा’ म्हणून आजही मान आहे. त्यांच्या स्वतःच्या देशात मात्र युगोस्लाव्हिया मोडला, त्याबरोबर टिटोंच्या काळाबद्दलची आस्थाही आटली आणि हा माणूस बराच काळ विस्मरणात गेला, याचं वाईट वाटतं.

म्हातारपणी त्यांना गाठलं ते बेलग्रेडच्याच दिग्दर्शिका मिला तुरायलिच यांनी. मूळ रिळं मुकी, आवाज नाहीच, तेव्हा नव्वदीच्या घरातल्या लाबुदोविच यांना ती दृश्यं दाखवून आठवणी बोलत्या केल्या. त्यातून झालेल्या दोन डॉक्युमेंटरी 2022 मध्ये आल्या, त्याआधी पाच वर्षं ते गेले होते. रिळं बेलग्रेडच्या फिल्मस्के नोवोस्तीच्या संग्रहातच आहेत, अल्जीरियाच्या युद्धाचा एवढा मोठा चित्रित ठेवा आजही सर्बियात आहे.